आमदारांचा शाळू

विधानसभेच्या गार सभागृहात दुपारच्या वेळेला आकारामतात्यांना हमखास डुलकी लागायची, आणि डुलकी लागली की त्यांना शाळू दिसायचा. समोर कुणी मंत्री पाटबंधाऱ्यांवर बोलत असायचा, वर पंखे फिरत असायचे, आणि त्या पंख्यांच्या वाऱ्यानं तात्यांच्या माळावरचा शाळू डुलायला लागायचा. टपोऱ्या ज्वारीच्या दाण्यांनी भरलेला. पाखरांचा थवा उठायचा, पलीकडच्या बांधावर बसायचा. अध्यक्षांची घंटा वाजली की तात्या दचकून जागे व्हायचे आणि शेजारच्या सदस्याला हळूच विचारायचे, "आपुन हात वर करायचा का न्हाई?"

म्हणून त्यांना मतच नव्हतं असं कुणी समजू नये. मत होतं, आणि एकच होतं. गावाचं गावानं बघावं, सरकारनं त्यात नाक खुपसू नये. हायब्रीड बियाणं आलं, तात्या विरोधात. दारूचे परवाने निघाले, तात्या विरोधात. जमिनीच्या मालकीवर मर्यादा आली, तात्या कडाडून विरोधात, आणि त्यांची स्वतःची जमीन त्या मर्यादेच्या आसपासही जात नव्हती. कडेगावच्या वरच्या अंगाला माळेवाडीत राहणारा हा माणूस मुंबईतही फेटा सोडत नव्हता, चहाऐवजी ताक मागत होता. लोकांना ते आवडलं. जुन्या वळणाचा माणूस म्हणून त्यांनी त्याला एकदा निवडून दिलं, पुन्हा दिलं.

सभागृहात तात्या मोठं असं एकदाच बोलले. बहात्तरचा दुष्काळ पडला होता, जागोजाग सरकारी कामं निघत होती आणि त्यावर चर्चा चालली होती. तात्या उठले, फेटा सारखा केला आणि म्हणाले, "अध्यक्ष महाराज, आमच्या गावात सावड आहे. आज मी त्याच्या रानात, उद्या तो माझ्या रानात. अंगानं केलेलं काम अंगानं फेडायचं, पैशाची बातच नाही. ही आमची हमी आहे. सरकारनं गावाला मजुरीची सवय लावू नये. माझ्या गावात काम काढू नका." बाकं वाजली. दुसऱ्या दिवशी पेपरात फोटो आला. एवढं चांगलं झाल्यावर पुन्हा बोलून ते बिघडवायचं कशाला, असं तात्यांना वाटलं आणि त्यानंतर ते आपले शाळू बघत बसले.

अठ्ठ्याहत्तरच्या फेब्रुवारीत निवडणूक झाली आणि तात्या सपशेल पडले. साखर कारखान्याच्या चेअरमनचा जावई निवडून आला. शाळू कुठला आणि हायब्रीड कुठलं असं त्याला विचारलं असतं तर त्यानं दोन्हीला ऊस म्हटलं असतं. पण काळच तसा आला होता. तात्यांनी मुंबईतली खोली आवरली, ट्रंक उचलली आणि एसटीनं गावच्या फाट्यावर येऊन उतरले. न्यायला जीप नव्हती. ट्रंक डोक्यावर घेऊन ते रानातल्या पांदीनं चालायला लागले.

वळणावर त्यांना त्यांचा शाळू दिसला. उतरत्या उन्हात सबंध रान पिवळंधमक झालं होतं, पानं वाळून वाऱ्यानं खसखसत होती, कणसं मान टाकून उभी होती. तात्या तिथंच थांबले. इतकी वर्षं डुलकीत जे दिसत होतं तेच, तसंच समोर होतं, आणि त्यांना वाटलं, आता घंटा वाजेल. बराच वेळ ते घंटेची वाट बघत उभे राहिले. मग मानेला कळ लागली तेव्हा कळलं, की ट्रंक खरी आहे आणि रानही खरंच आहे.

दारात अंबूबाई धान्य पाखडत होती. नवरा मुंबईला आणि पोरगा कृष्णात पलटणीत, तेव्हा एवढी वर्षं शेती तीच रेटत होती. तिनं सूप खाली ठेवलं.

"आलासा?"

"आलो."

"आता ऱ्हानार का?"

"ऱ्हानार. जातो कुठं?"

"बरं झालं. शाळू वाळून खडखडीत झालाय. दिवसाचं ऊन आन् खालतीकडं बघा आभाळ कसं भरतंय. लवकर काढाय पायजे."

"काढू की! सांजच्याला सावडीला सांगून येतो. दरसाल गाव येतंय, यंदा न येऊन कुठं जातंय?"

अंबूबाईनं त्यांच्याकडं बघितलं. काहीतरी तोंडाशी आलं होतं, पण तिनं ते गिळलं आणि हातपाय धुवायला पाणी काढून दिलं.

दरसाल गाव येत होतं हे मात्र खरं. काढणीच्या दिवशी आमदार जीपनं यायचे. पाऊणशे माणूस रानात उतरलेलं असायचं. तात्या बांधावर उभे राहून "व्वा रं गड्यांनो!" म्हणायचे, दुपारी सगळ्यांना आग्रह करकरून वाढायचे, आणि दिवस बुडायच्या आत सगळं रान मोकळं व्हायचं. मुंबईला परत जाताना तात्यांचा ऊर भरून यायचा. आपण सभागृहात बोललो ते शंभर टक्के खरं आहे, अशी त्यांची खात्री पटायची.

त्या संध्याकाळी ते मारुतीच्या पायरीवर गेले. लोकांनी सरकून जागा दिली, कुणी तंबाखू पुढं केली. तात्या म्हणाले, "उद्या आमचा शाळू हाय बरं का."

"व्हय व्हय."

"बघू की, सायेब."

"आमच्याकडं पावनं यायचं हायती, पर बघू."

कुणी नाही म्हणालं नाही. तोंडावर नाही म्हणायची आपल्याकडं रीतच नाही. तात्या खुशीत घरी आले आणि अंबूबाईला म्हणाले, "भाकरी जास्त टाक. माणसं लय येतील."

तिनं पहाटेपासून भाकरी थापल्या. दुरडी शिगोशीग भरली, आमटीचं मोठं भगुणं चुलीवरनं उतरलं. दिवस कासराभर वर आला. रानात तात्या होते, अंबूबाई होती आणि दुरडी होती. पांदीनं कुणी आलं की तात्या उठून उभे राहायचे, आणि तो माणूस खाली बघत दुसरीकडं निघून जायचा. शेवटी अंबूबाईनं पदर खोचला आणि शाळूचं पहिलं ताट उपटलं. तात्यांनीही कोट काढला.

शाळू उपटायचा म्हणजे नुसत्या हाताचं काम. दोन्ही हातांनी ताट धरायचं, कमरेतनं ओढायचं, मुळाची माती पायावर आपटून झाडायची, आडवं टाकायचं आणि पुढं सरकायचं. तात्यांचे हात खादीनं आणि खुर्चीनं मऊ पडले होते. थोड्याच वेळात तळव्याला फोड आले, फोड फुटले. मानेवर शाळूची बारीक कूस बसून आग व्हायला लागली, आणि मागं वळून बघितलं तर काढलेलं रान अंगणाएवढंसुद्धा नव्हतं.

शेजारचा जोतीराम घागर घेऊन बांधानं चालला होता. तो थांबला. तात्यांच्या हाताकडं बघून त्यानं घागर खाली ठेवली.

"सायेब, एकटंच?"

"माणसं यायची हायती."

"न्हाई यायची." जोतीराम बांधावर टेकला. त्याच्या बोलण्यात राग नव्हता. "उगी वाट बघू नगासा."

"का रं? इतकी वरसं आली ती?"

"आली. कुनाला पोराची नोकरी पायजे व्हती, कुनाला बदली. मला हिरीवर लाईट पायजे व्हती, तुमी आनून दिलासा. आमी शाळू काढला. फिटाफिट झाली. ती सावड न्हवती, सायेब. त्यो अर्ज व्हता."

"मी तर सावडच समजत व्हतो."

"तुमी जुन्या वळणाचं. तुमाला मी काय सांगावं? पर एक सांगा. तुमी कुनाच्या रानात आलासा? एक रान सांगा."

तात्या आठवायला लागले. जोतीरामाचं ओढ्याकडंचं रान त्यांना दिसलं, राहीबाईची पट्टी दिसली, शिवारातले सगळे तुकडे ओळीनं दिसले. प्रत्येक रानात आपण कंबर वाकवून उभे आहोत असंही दिसलं. पण ते सगळं पंख्याखालचं होतं. तिथनं उठून ते कधी एसटीत बसले नव्हते. तात्यांना एकदम इतकी लाज वाटली, की निवडणुकीत पडल्यावरही तेवढी वाटली नव्हती.

"उद्या कुनाचा हाय?" त्यांनी विचारलं.

"राहीबाईचा."

भाकरीची दुरडी संध्याकाळी म्हशीपुढं गेली. तात्या जोत्यावर तळवे वर करून बसले होते आणि अंबूबाई त्यांना खोबरेल लावत होती.

"तुला ठावं व्हतं?"

"व्हय."

"मग बोलली का न्हाईस?"

"तुमी मुंबईत गाव लय चांगलं बघत हुतासा. म्हटलं, बघू द्यात."

तात्यांनी फुटक्या फोडांकडं बघितलं. मग म्हणाले, "उद्या राहीबाईच्या रानात जातो."

"आन् आपला शाळू?"

"ऱ्हाऊ दे."

अंबूबाईनं खालतीच्या आभाळाकडं बघितलं. सकाळी तात्या निघाले तेव्हा तिनं त्यांच्या डोक्यावरचा फेटा स्वतःच्या हातानं उतरवला आणि जुना टावेल दिला. "फेट्यात डोस्कं शिजंल," एवढंच म्हणाली.

राहीबाईच्या रानात माणसं पात धरून उभी होती. प्रत्येकाला आपापली ओळ. गावातली सावडीची माणसं होती आणि कमी पडतील म्हणून पलीकडच्या गावातनं बोलावलेल्या मजुरीच्या काही बाया होत्या. तात्या बांधावर आले तशी कुजबूज थांबली. राहीबाई विधवा बाई, हाडापेरानं उंच, बोलायला सरळ. तिनं या म्हटलं नाही की जा म्हटलं नाही.

"ती कडंची पात धरा," ती म्हणाली.

कडेची पात नव्या सुनांना देतात. तात्यांनी ती धरली. सगळे पुढं गेले, तात्या मागं राहिले. पुढनं कुणीतरी हसलं, कुणीतरी "गप गं" म्हणालं. ऊन चढलं. वाकून वाकून तात्यांच्या डोळ्यांपुढं पिवळं पिवळं झालं आणि मग एक मजा व्हायला लागली. समोरची ताटं एकेक करून बोलायला उभी राहायला लागली. एक म्हणालं, अध्यक्ष महाराज. तात्यांनी ते उपटलं. दुसरं उठलं, अध्यक्ष महाराज. तेही उपटलं. सबंध सभागृह वाऱ्यावर खसखसत होतं आणि तात्या एकेकाची माती पायावर झाडून त्याला शांतपणे आडवं करत होते. दूर कुठंतरी घंटा वाजली. बैलाच्या गळ्यातली होती ती. तात्या पुढं सरकले.

दुपारी सगळे बाभळीखाली बसले. राहीबाईनं तात्यांच्या हातावर भाकरी ठेवली, त्यावर ठेचा घातला. तळवा मिटत नव्हता, म्हणून कांदाही तिनंच फोडून दिला. मग ती त्यांच्या समोर बसली.

"तुमी मुंबईत बोललासा, ते मुकादमानं आमाला वाचून दाखीवलं व्हतं," ती म्हणाली. "पलीकडच्या गावच्या तलावावर खडी फोडत व्हतो आमी. आपल्या गावात काम निघालं न्हाई. रोज पहाटं उठून तिकडं चालत जायाचं."

जेवणारे हात थांबले.

"खोटं न्हाई बोललासा. सावड हाय गावात. पर त्या साली कुनाच्या रानात जायाचं व्हतं, आमदार? रानात काय व्हतं?"

तात्यांच्या तोंडात घास होता. सभागृहात असा प्रश्न आला असता तर त्यांनी शेजारच्याकडं बघितलं असतं. इथं शेजारी अनोळखी मजूर बाई होती, आणि तीही उत्तराचीच वाट बघत होती.

"माझं चुकलं," तात्या म्हणाले.

"व्हय. चुकलं," राहीबाई म्हणाली आणि त्यांना आणखी एक चतकोर वाढून उठली.

दिवस मावळायला आला. जे मजुरीनं आलेले असतात त्यांना काढणीला पैसे देत नाहीत, कणसांची पेंढी देतात. सावडीची माणसं मात्र रिकाम्या हातानं घरी जातात, कारण त्यांचं येणं पुढं असतं. राहीबाई एकेका मजूर बाईच्या ओच्यापाशी पेंढी ठेवत आली आणि तात्यांपुढं थांबली. तिच्या हातात पेंढी होती. चांगली जाडजूड.

"घ्या."

तात्यांनी हात मागं घेतले. "नगं, राहीबाई."

"का? दिसभर राबलासा. फुकट कुनाचं ठेवून घेत न्हाई मी."

"फुकट न्हवं. मी सावडीनं आलोय."

"तुमाला कुनी सांगावा धाडला व्हता?"

माणसं घरी निघायची थांबली होती. तात्या आयुष्यात पुष्कळदा हात जोडून लोकांपुढं उभे राहिले होते, घरोघर मतं मागितली होती. पण असं काही कधी मागितलं नव्हतं.

"मला रिकामं जाऊ दे," ते म्हणाले. "एवढं ऐक."

राहीबाईनं त्यांच्या तोंडाकडं बघितलं. मग हातांकडं बघितलं. मग वळून ती पेंढी तिनं परत ढिगावर टाकली.

"बरं. पर तुमची पाळी समद्यांच्या शेवटाला. आमचं समद्यांचं निघाल्यावर तुमचा. तवर आभाळानं नेला तर माझ्या नावानं खडं फोडायचं न्हाई."

"न्हाई फोडनार."

तेव्हापासून तात्या रोज जायला लागले. आज याची पट्टी, उद्या त्याचा माळ. फोडांचे घट्टे झाले. कडेच्या पातीवरनं कुणी त्यांना हलवलं नाही, पण मागं पडले की शेजारचा त्यांची दोन-चार ताटं ओढून घ्यायला लागला. आपला शाळू त्यांना रोज लांबून दिसायचा, उंच माळावर एकटाच उभा. सगळं शिवार मोकळं होत चाललं तसा तो जास्तच पिवळा दिसायचा.  घरी अंबूबाई दिवसातनं पाच-पन्नास वेळा वर बघायची.

जोतीरामाच्या रानात होते तेव्हा आभाळ आलं. भर दुपारी अंधारून आलं, गार वारा सुटला आणि खालतीकडनं पावसाची भिंतच चालत आली. रानातला एकूणएक माणूस माळाकडं बघायला लागला. जोतीराम ओरडला, "सायेब, जावा! बाईमाणूस एकलंच हाय तिकडं. जेवढं गावंल तेवढं झाका!"

तात्यांनी माळाकडं बघितलं. पहिला झोत तिथं पोचला होता. तिकडं पळत सुटावं असं त्यांच्या पायांना फार वाटलं. पण उभं पीक कशानं झाकतात? आणि जोतीरामाची काढून टाकलेली ताटं तर उघड्यावर पडली होती.

"आधी हे गोळा करा," ते म्हणाले. "धरा रं, बघताय काय!"

सगळे धावले. ताटं गोळा करून बुचाड रचलं, वर कडबा टाकला, ताडपत्री ओढली. मग तात्या पावसात उभे राहिले. माळ दिसेनासा झाला होता. पांढऱ्या धारांमागं काहीतरी हलल्यासारखं वाटत होतं. शाळू असेल किंवा नसेल. तोंडावरनं पाणी ओघळत होतं, त्यात त्यांचं स्वतःचंही थोडं होतं.

पावसानं शाळू आडवा झाला. दोन दिवसांनी ऊन पडलं तेव्हा दाणा काळा पडला होता. आता तो काढला काय आणि न काढला काय, असं तात्यांनाही वाटत होतं. ते मारुतीच्या पायरीवर गेले नाहीत, कुणाला काही म्हणाले नाहीत.

तिसऱ्या दिवशी सकाळी ते आणि अंबूबाई रानात पोचले तर बांधावर जोतीराम बसला होता. त्याच्या मागनं दुसरा आला, तिसरी आली. राहीबाई आली. पाऊणशे माणसं नव्हती ती, त्याच्या निम्मीही नसतील. पण एकाच्याही हातात अर्ज नव्हता आणि द्यायला तात्यांच्याकडं काही उरलंही नव्हतं. अंबूबाई वळली आणि भाकरी टाकायला लगालगा घराकडं निघाली.

"कुठली पात धरू?" राहीबाईनं विचारलं.

 तात्यांनी मधल्या पातीकडं हात केला.

पडलेलं पीक काढायला जड जातं. चिखलात मुळं सुटत नव्हती. लोक दिवसभर वाकले, मधेच कुणी थट्टा केली, दुपारी आमटी-भाकरी ओरपली आणि पुन्हा वाकले. दिवस बुडायच्या सुमाराला माळ मोकळा झाला. तात्यांचं मन इतकं भरून आलं होतं की कुणाला काय देऊ आणि काय नको असं त्यांना झालं. ढिगात हात घालून त्यांनी त्यातल्या त्यात बऱ्या कणसांची एक पेंढी शोधून काढली आणि पळत जाऊन राहीबाईपुढं धरली.

"ही ने. म्हशीला तरी हुईल."

राहीबाईचे डोळे एकदम बारीक झाले.

"मजुरी देताय व्हय, तात्या?"

तात्या पेंढी हातात धरून तसेच उभे राहिले. मग त्यांनी ती खाली टाकली. इतक्या घाईनं टाकली, की जोतीराम खो खो हसत सुटला आणि मग सगळेच हसले.

"परवा रंगुबाईची मळनी हाय," राहीबाई जाता जाता म्हणाली. "येरवाळी या. ऊन झाल्यावर येऊन उपेग न्हाई."

एकामागनं एक माणसं बांध उतरून गेली. कुणाच्याच हातात काही नव्हतं. अंबूबाईनं एक काळं कणीस तळहातावर चोळलं, फुंकर मारली आणि दाणे नवऱ्याला दाखवले.

"वरीसभर ह्येच्या भाकरी खायच्या आता."

"खाऊ की," तात्या म्हणाले. निवडून आल्यावर गुलालात बुडवून गावानं त्यांची मिरवणूक काढली होती, त्या दिवशीसुद्धा ते इतके सुखी झाले नव्हते.